बघण्याची मजुरी

मल्याळममध्ये एक शब्द आहे. नोक्कुकूली. नोक्कु म्हणजे बघणं आणि कूली म्हणजे मजुरी. बघण्याची मजुरी! तुमचा ट्रक आला, तुमच्या माणसांनी तो उतरवला, आणि ज्यांनी बाजूला उभं राहून ते नुसतं बघितलं त्यांना द्यायचे पैसे. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वाटलं, चला, निम्म्या प्रोजेक्ट मॅनेजर मंडळींच्या कामाला शेवटी कुणीतरी नेमका शब्द दिला. (हे आमच्या साहेबांपर्यंत पोचवू नये, ही नम्र विनंती.)

विनोदाचा भाग सोडा. २०२१ ते २०२३ अशी दोनेक वर्षं आमचा मुक्काम तिरुवनंतपुरमला होता. टेक्नोपार्कात नोकरी आणि कळक्कूट्टमला एका बंगल्याच्या वरच्या मजल्यावर भाड्याचं घर. घरमालकांच्या जावयाचं जवळच टाइल्स आणि बाथरूमच्या सामानाचं दुकान होतं. सगळे त्यांना चेट्टन म्हणायचे, म्हणजे आपल्याकडे दादा म्हणतात तसं. हाक मारताना चेट्टा. वयाने माझ्याहून दहा वर्षांनी मोठे, तरी मला मात्र 'सर' म्हणायचे. कितीही सांगितलं तरी शेवटपर्यंत सुटलं नाही ते.

तर या चेट्टनच्या दुकानापुढे एका सकाळी मोरबीहून आलेला टाइल्सचा ट्रक उभा राहिला, आणि उभाच राहिला. दोन दिवस. ड्रायव्हर बिचारा गुजराती, त्याला मल्याळम येत नाही, समोरच्यांना हिंदी येत नाही. ट्रकच्या सावलीत स्टोव्ह पेटवून खिचडी करून खात होता. ट्रकपुढे दहा-बारा माणसं, खांद्याला निळे शर्ट अडकवून, निवांत. मारामारी नाही, शिवीगाळ नाही. फक्त कुणी फळका उघडायला गेलं की सगळे एकदम उठून उभे राहायचे. बास्स.

आता इथे थोडा कायदा सांगणं भाग आहे. कंटाळू नका, पुढे लागणार आहे.

आपल्याकडे माथाडी कायदा आहे, १९६९ चा. अण्णासाहेब पाटलांच्या चळवळीतून आलेला. ज्याला ना कायम मालक, ना रजा, ना फंड, अशा हमालाला बोर्डाच्या छत्राखाली आणणारा हा कायदा, आणि मोठं काम आहे ते. त्यानंतर नऊ वर्षांनी, १९७८ मध्ये, केरळने तसाच कायदा केला. तिथे या कामगाराला चुमट्टु तोळिलाळी म्हणतात, डोक्यावरून ओझं वाहणारा. म्हणजे शब्दशः माथाडीच! जिथे कायद्याखालची योजना लागू आहे तिथे माल चढवण्या-उतरवण्याचं काम नोंदलेल्या कामगारांना मिळतं. पण दुकानदाराची स्वतःची माणसं असतील, तर त्यांची नियम २६-अ खाली कामगार खात्याकडे नोंदणी करून त्यांच्याकडून काम करून घेता येतं. घरगुती सामानाचा तर प्रश्नच नाही, कायद्याच्या व्याख्येतूनच ते बाहेर ठेवलंय.

चेट्टनकडे असे चार कामगार होते, चौघांची कार्डं होती. दुकानाचा महापालिकेचा परवाना होता, जीएसटी होता, सगळं होतं. समोरच्यांचं म्हणणं एकच: हा एरिया आमचा. तुझ्या माणसांनी उतरव, आमची हरकत नाही, पण ट्रकमागे साडेचार हजार आम्हाला दे.

गंमत म्हणजे सरकारनेही हा प्रकार कधीच बंद करून टाकला होता. १ मे २०१८ ला, कामगार दिनाच्याच मुहूर्तावर, नोक्कुकूली बंद अशी घोषणा झाली होती. तरीही २०२१ च्या सप्टेंबरात इस्रोच्या विक्रम साराभाई केंद्रासाठी अवजड यंत्र घेऊन निघालेला ट्रक तिरुवनंतपुरमजवळ अडवला गेला आणि तिथेही हीच मागणी झाली. जो देश मंगळापर्यंत यान पोचवतो त्याचा ट्रक थुंब्याच्या फाटकापर्यंत पोचेना! तिथे ही तऱ्हा, तर टाइल्सवाल्याची काय कथा.

चेट्टन पोलीस स्टेशनला गेले. तिथल्या साहेबांनी चहा पाजला, ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मिटवून टाका ना. रोजचं आहे तुमचं. आम्ही आज येऊ, उद्या येऊ, परवा कोण येणार?"

हे वाक्य मी नंतर खूप वेळा आठवलं. त्यात धमकी नाही, लाचेची मागणी नाही. उलट एक प्रकारचा प्रामाणिकपणाच आहे. जो अडवतोय त्याला हटवायचं तर दहा माणसं लागतात, घोषणा होतात, फोन येतात. जो अडवला गेलाय तो एकटा आहे, त्याच्याकडे परवाना आहे, त्याला घाबरायला दुकान आहे. मग सोपं काय? ज्याच्याकडे गमावण्यासारखं आहे त्यालाच समजावणं. आपल्याकडे वर्तमानपत्रात लिहितात ना, 'पोलिसांनी बघ्याची भूमिका घेतली'. म्हणजे विचार करा, बघण्याची मजुरी ट्रकपुढचे लोक फक्त मागत होते. ज्यांना ती दरमहा पगारात मिळत होती ते वेगळेच!

असो. चेट्टनना एका वकिलांनी रस्ता सांगितला. आणि हा रस्ता केरळात इतका मळलेला आहे की तिथल्या माणसाला त्याचं काही वाटतही नाही. उच्च न्यायालयात जायचं आणि पोलीस संरक्षण मागायचं.

मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्या डोळ्यांपुढे एके-४७ घेतलेले कमांडो, मध्ये चेट्टन, असं दृश्य आलं. तसं काही नसतं. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करायची आणि कोर्टाला सांगायचं की पोलिसांना त्यांचं काम करायचा आदेश द्या. याला परमादेश म्हणतात, इंग्रजी कागदात मॅण्डॅमस. मॅण्डॅमस या लॅटिन शब्दाचा अर्थच मुळी 'आम्ही हुकूम देतो' असा आहे.

माझा पहिला प्रश्न तुमच्याही मनात आला असेल. अहो, पण ते पोलिसांचं कामच आहे ना? त्यासाठी हायकोर्ट कशाला?

आमच्या धंद्यातल्या लोकांना हे पटकन कळेल. तुम्ही तिकीट टाकता. पहिल्या पातळीवरचा माणूस ते बंदही करत नाही आणि सोडवतही नाही, 'पेंडिंग' ठेवतो. मग तुम्ही ते वर पाठवता. वरचा माणूस कोड लिहीत नाही, तो फक्त खालच्याला विचारतो, हे अजून का पडलंय? बहुतेक वेळा तेवढ्यानेच काम होतं. परमादेश म्हणजे हेच. कोर्ट स्वतः येऊन ट्रक उतरवत नाही. ते पोलिसांना विचारतं, का उतरू दिला नाही?

पण वर पाठवण्याआधी खाली तिकीट टाकल्याचा पुरावा लागतो. वकिलांनी चेट्टनना एक पानभर यादी दिली. स्टेशनला लेखी तक्रार द्या आणि पोच घ्या. वरिष्ठ अधिकाऱ्यांना पाठवा, त्याची पावती ठेवा. अडवल्याचे फोटो तारखेसकट. परवाना चालू तारखेचा हवा, कर भरलेले हवेत, कामगारांची कार्डं हवीत. कारण कोर्ट पहिली गोष्ट हीच विचारतं: तुम्ही जे करताय ते करायचा कायदेशीर हक्क तुम्हाला आहे का? परवाना संपलेला असेल तर आधी तो घेऊन या म्हणतात. आणि मुळात भांडण जागेच्या मालकीचं असेल किंवा भागीदारांमधलं असेल, तर हा दरवाजा बंद. २००६ मध्ये केरळातल्याच एका आश्रमाच्या ट्रस्टच्या भांडणात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट सांगितलं, की कोण खरा विश्वस्त हा वाद दिवाणी कोर्टात न्या, पोलीस संरक्षणाच्या याचिकेच्या आडून तो सोडवून घेऊ नका. शहाणपणाचं बोलणं आहे. नाहीतर जो आधी हायकोर्टात पोचेल त्याच्या बाजूने पोलीस उभे राहतील आणि भांडणाचा निकाल तिथेच लागून जाईल.

केरळचं उच्च न्यायालय एर्नाकुलमला, म्हणजे कोचीत. राजधानी तिरुवनंतपुरम, पण तिथे खंडपीठ नाही. मध्ये दोनशे किलोमीटर. चेट्टन पहाटेच्या वेणाड एक्स्प्रेसने फाइल काखोटीला मारून गेले. एक दिवस दुकान बंद, वकिलांची फी वेगळी. परत आल्यावर मला म्हणाले, "सर, साडेचार हजार स्वस्त होते."

"मग द्यायचे होते," मी आपला व्यवहारी पुणेकर.

"एका ट्रकचे स्वस्त होते," ते म्हणाले. "वर्षाला किती ट्रक येतात माहीत आहे?"

काही दिवसांत अंतरिम आदेश हातात आला. दीडच पान. मी ते दोनदा वाचलं, कारण मला वाटत होतं की काहीतरी दणदणीत असेल, युनियनला झापलं असेल. तसलं काहीच नाही. याचिकाकर्ता आपल्या परवान्यानुसार, स्वतःच्या नोंदणीकृत कामगारांकडून माल उतरवत असताना अडथळा झाला, तर ठाणेप्रमुखाने पुरेसं संरक्षण द्यावं. प्रतिवादींना शांततेने निषेध करायला हा आदेश आड येत नाही. बास्स. कोण चांगला, कोण वाईट, एक शब्द नाही.

तेव्हा मला ते फारच मिळमिळीत वाटलं होतं. आता मला वाटतं, त्या आदेशातली सर्वात भारी गोष्ट तीच आहे.

पुढचा ट्रक आला त्या दिवशी मी घरून काम करत होतो, म्हणजे गॅलरीतून बघत होतो. (मजुरी मिळाली नाही.) दोन पोलीस आले, एक छत्री होती, तिच्याखाली दोघे उभे राहिले. निळे शर्टवाले रस्त्याच्या पलीकडे, लाल झेंडे घेऊन, घोषणा देत. लयीत घोषणा होत्या, ऐकायला बऱ्या वाटत होत्या. तीन तास काम चाललं. मध्येच चेट्टनच्या एका पोराच्या हातून टाइल्सचा खोका सटकला आणि फाट्‌कन फुटला. एक क्षण सगळं शांत. मग पलीकडून एक म्हातारेसे गृहस्थ मल्याळममध्ये काहीतरी बोलले आणि रस्त्याच्या दोन्ही बाजू खदाखदा हसल्या, पोलीससुद्धा. मला नंतर अर्थ कळला. "म्हणून आम्हाला बोलवायचं असतं!"

संध्याकाळी त्याच टपरीवर तेही चहा पीत होते आणि मीही. टपरीवाल्याने दुभाष्याचं काम केलं. पन्नाशी उलटलेले, मान थोडी पुढे झुकलेली, कायमची. त्यांचं म्हणणं असं की तीस वर्षं पोती वाहिली, तेव्हा हाच रस्ता त्यांच्या डोक्यावर चालायचा. मग फोर्कलिफ्ट आलं, टिपर आला, जेसीबी आला. "यंत्र आलं तेव्हा आम्हाला म्हणाले, तुम्ही बाजूला उभे राहा. मग बाजूला उभं राहण्याचे पैसे मागितले तर काय चुकलं?"

नोक्कुकूली रुजली ती मुळात अशीच. हातातलं काम यंत्राने खाल्लं, त्याची भरपाई म्हणून. सुरुवातीला त्यात दुःख होतं, मग ती सवय झाली आणि शेवटी खंडणी. २०२१ च्या डिसेंबरात केरळ उच्च न्यायालयाने पोलिसांना सांगितलं की अशा मागणीवर खंडणीच्या कलमाखाली गुन्हे नोंदवा. कोल्लम जिल्ह्यातल्या एका हॉटेलवाल्याच्या पोलीस संरक्षणाच्याच याचिकेतून हे निघालं. मला ते पटतं. पण त्या काकांची झुकलेली मान मी बघितली आहे, तीही खरी आहे. एकाच्या मानेची भरपाई कुणी द्यायची, तर ज्याचा ट्रक त्या दिवशी पहिला दिसला त्याने, हे काही न्याय्य नाही. पण मग कुणी द्यायची? हा प्रश्न दीड पानाच्या आदेशात नव्हता. असू शकतही नव्हता.

पुढे काय झालं ते ऐका. पोलीस दोन ट्रकांना आले. तिसऱ्याला आले नाहीत, आणि तिसऱ्याला गरजही पडली नाही. चेट्टन आणि युनियनचे लोक एका दुपारी दुकानात बसले. टाइल्स चेट्टनची माणसं उतरवणार, आणि ग्रॅनाइटच्या मोठ्या लाद्या आल्या की दोन माणसं युनियनकडून, ठरलेल्या दराने, प्रत्यक्ष काम करण्यासाठी. लाद्या उतरवणं हे येरागबाळ्याचं काम नाही, आणि ते त्या लोकांना येत होतं. मी चेट्टनना म्हटलं, "मग हे आधीच करता आलं असतं की, हायकोर्ट कशाला?"

"आधी मी उभा होतो आणि ते बसले होते सर," ते म्हणाले. "आता दोघेही बसलो."

कोर्टाचा कागद भांडण मिटवत नाही. तो फक्त दोघांना एका उंचीवर आणून बसवतो. एकाच्या मनातली भीती काढून घेतो. पुढचं बोलणं माणसांनीच करायचं असतं. हे मला एका दुकानावरून कळलं आणि वाटलं, झालं, समजलं. मग २०२२ चा ऑगस्ट आला.

तिरुवनंतपुरमच्या दक्षिणेला विळिंजम आहे. तिथे मोठं बंदर बांधण्याचं काम डिसेंबर २०१५ पासून चालू होतं. राज्य सरकारशी करार, अदाणी समूहाची कंपनी, पर्यावरणाची मंजुरी २०१४ ची. तिला हरित लवादात आव्हान दिलं गेलं आणि २०१६ मध्ये लवादाने अटी घालून ती कायम ठेवली. कागदाला कागद चोख. १६ ऑगस्ट २०२२ ला किनाऱ्यावरच्या मच्छीमारांनी, लॅटिन कॅथलिक आर्चडायोसिसच्या नेतृत्वाखाली, बंदराच्या फाटकापुढे तंबू ठोकला. त्यांचं म्हणणं, समुद्रात लाटा अडवायला बांध घातल्यापासून आमचा किनारा वाहून जातोय, काम थांबवा आणि आधी अभ्यास करा. सरकार आणि कंपनी म्हणत होते, धूप बंदरामुळे नाही. शहराच्या वलियतुरा भागात घरं समुद्रात गेलेली कुटुंबं सिमेंटच्या गोदामात राहत होती. हे मात्र कुणीच नाकारत नव्हतं.

आमच्या टीममध्ये टेस्टिंगला एक मुलगी होती, पून्तुराची, वडील मच्छीमार. कामात एकदम तिखट, तिच्या हातून बग सुटायचा नाही. तिच्या मावशीचं कुटुंब त्याच गोदामात होतं.

कंपनी उच्च न्यायालयात गेली. चेट्टन गेले होते त्याच दारातून. आणि १ सप्टेंबरला आदेश आला तोही जवळजवळ त्याच भाषेत. निषेध शांततेने करा, पण कामाला आणि ये-जा करणाऱ्यांना अडवू नका. पोलिसांनी संरक्षण द्यावं, राज्याला जमत नसेल तर केंद्राची मदत मागावी. मी जेवणाच्या टेबलावर माझं नवं कोरं ज्ञान पाजळलं. म्हटलं, "अगं, यात कोर्टाने तुमच्या विरुद्ध काही म्हटलेलं नाही. आंदोलनाचा हक्क ठेवलाय. फक्त रस्ता मोकळा ठेवा म्हणालेत."

तिने डबा बंद केला. "बंदराला समुद्रापर्यंत जायला रस्ता हवा, तर पोलीस मिळाले," ती म्हणाली. "समुद्र आमच्या घरापर्यंत येतोय. त्याला अडवायला कुणाला पाठवतात?"

मी काय बोलणार? पुढचे दोन दिवस आम्ही फक्त बगबद्दल बोललो.

आता त्या वादात कोण बरोबर, हे सांगायची माझी लायकी नाही. समुद्रशास्त्र मला कळत नाही. पण त्या आदेशाचं पुढे काय झालं ते सांगतो. तंबू हलला नाही. पोलीस हातघाईवर गेले नाहीत. कंपनी परत कोर्टात, अवमान याचिका. कोर्टाने पुन्हा पुन्हा सांगितलं, सरकारने पुन्हा पुन्हा मुदत मागितली. जवळजवळ तीन महिने तो कागद तसाच होता. नोव्हेंबरच्या शेवटी ट्रक आत न्यायचा प्रयत्न झाला आणि दगडफेक झाली. २७ नोव्हेंबरच्या रात्री जमावाने विळिंजम पोलीस ठाण्यावरच हल्ला केला आणि तीसहून अधिक पोलीस जखमी झाले. तेव्हा मात्र सगळ्यांचे चेहरे उतरले. ६ डिसेंबरला मुख्यमंत्र्यांबरोबर बैठक झाली आणि आंदोलन मागे घेतलं गेलं. बेघर कुटुंबांना घर मिळेपर्यंत महिना ५५०० रुपये भाडं, धूप अभ्यासायला समिती, वगैरे. काम थांबवण्याची मागणी मान्य झाली नाही. जुलै २०२४ मध्ये तिथे पहिलं मोठं मालवाहू जहाज लागलं आणि २ मे २०२५ ला पंतप्रधानांच्या हस्ते बंदराचं रीतसर लोकार्पण झालं.

म्हणजे शेवटी विळिंजमलाही तेच. कागदाने तंबू हलला नाही, बोलण्याने हलला. फक्त चेट्टनच्या दुकानात त्या बोलण्याला एक दुपार लागली आणि इथे ११३ दिवस, आणि मध्ये फुटलेली डोकी.

मला तेव्हापासून एक गोष्ट छळते. अनुच्छेद १९ उघडून बघा. पाच ओळींच्या अंतराने दोन हक्क लिहिलेत. एक, शस्त्राशिवाय शांततेने एकत्र जमण्याचा. दुसरा, कोणताही व्यवसाय किंवा धंदा करण्याचा. ट्रकपुढचे लोक पहिल्या ओळीवर उभे असतात आणि ट्रकचा मालक दुसऱ्या. कोर्टाचं काम एवढंच की पहिल्या ओळीवरचा माणूस दुसरी ओळ पुसत नाही ना, हे बघणं. आणि ते काम कोर्टाने करायलाच हवं, असं मला अगदी ठामपणे वाटतं. कारण फाटक अडवण्याला एकदा मान्यता दिली की ती फक्त पून्तुराच्या मच्छीमाराला मिळत नाही. ती ज्याच्याकडे वीस पोरं आणि दोन गाड्या आहेत अशा प्रत्येकाला मिळते. चाकणच्या एखाद्या छोट्या कारखानदाराला विचारा, माथाडीचं नाव घेऊन फाटकात कोण उभे राहतात आणि त्यातले किती जण आयुष्यात कधी पोतं उचललेले असतात. अण्णासाहेबांच्या माथाड्याचं नाव चोरणारे हे लोक खऱ्या माथाड्याचंच सर्वात जास्त नुकसान करतात. परवाना ही सरकारने दिलेली जबान आहे. ती जबान रस्त्यावर जो जास्त ओरडेल त्याच्या मर्जीवर टिकणार असेल, तर मग परवान्यापेक्षा ओळखी बऱ्या, असं लोक म्हणू लागतात. म्हणतातच की.

पण त्या मुलीचा प्रश्न यातल्या कशानेच सुटत नाही. पोलीस संरक्षण मागायला दाखवायला काहीतरी लागतं: परवाना, करार, मंजुरीचा कागद. तिच्या मावशीकडे असा कागद कुठला? पिढ्यान्‌पिढ्या ज्या वाळूवर होड्या ओढल्या त्या वाळूचा परवाना कुणी देत नाही, कारण तो कधी लागलाच नव्हता. तिला कोर्टात जाता येत नाही असं नाही, लोक जातातही. पण तिथे आधी सिद्ध करावं लागतं की वाळू कुणामुळे गेली. त्याला अभ्यास लागतो, समिती लागते, वर्षं लागतात. चेट्टनचा आदेश काही दिवसांत आला, बंदराचाही दोनेक आठवड्यांत. कारण अडवलेला ट्रक दिसतो. सरकत जाणारा किनारा फोटोत तारखेसकट पकडायला दहा वर्षं लागतात.

ज्याचं नुकसान फोटोत मावतं त्याला लवकर न्याय मिळतो, एवढाच माझा या सगळ्यातून काढलेला निष्कर्ष. त्यावर उपाय ट्रक अडवू देणं हा नाही. उपाय परवान्याच्या आधी आहे. परवाना देताना जी जनसुनावणी होते, जिचा आपण एक टिकमार्क करून टाकतो, तिथे त्या मावशीचं म्हणणं खरोखर ऐकलं गेलं, लिहून घेतलं गेलं, तिच्या घराचं काय ते आधी ठरलं, तर नंतर फाटकापुढे उभं राहायची वेळ कमी येईल. आमच्या भाषेत, रिक्वायरमेंटला जो युजर वगळलात तोच प्रॉडक्शनला येऊन उभा राहतो. आणि तेव्हा तो तिकीट टाकत नाही, तंबू टाकतो.

ती मुलगी आता कोचीला असते, टीम लीड झाली. मागच्या महिन्यात फोन झाला. मावशीचं काय, विचारलं. म्हणाली, गोदाम सुटलं, भाड्याच्या घरात आहेत, आणि मावशीचा मुलगा बंदरातच नोकरीला लागला, क्रेनवर.

"मग बरं झालं की," मी म्हटलं.

"बरंच झालं," ती म्हणाली. "होडी कुठे ठेवायची ते मात्र अजून कुणी सांगितलेलं नाही."